सेकंडचा माल

"बाय, ह्यो सेकंडचो माल हा काय?"

फाटकाच्या खांबापुढे उकिडव्या बसलेल्या मेस्त्रींनी मान वर न करता विचारलं. सिमेंटच्या रिकाम्या पोत्यावर त्यांनी सहा लाद्या जुळवून ठेवल्या होत्या, तीन वर, तीन खाली. वरच्या तिघींवर निळ्या अक्षरांत ‘वत्सला’, खालच्या तिघींवर अबोलीची वेल. अंगठ्याचं नख ते एका लादीवरून दुसरीवर ओढत नेत होते आणि सांध्याशी नख अडलं की ‘च्’ करत होते. मी जरा ताठ होऊन सांगितलं की नाही, खोट निघालेला माल नव्हे, या हातानं केलेल्या आहेत, गोव्याहून मुद्दाम करवून आणल्यात. त्या ‘हातानं’वर मी जो भार दिला तो आठवला की अजून कानशिलं गरम होतात. मेस्त्रींनी टेप काढली. एक लादी शेजारणीपेक्षा अर्धा सूत मोठी निघाली, एकीचा कोपरा उचललेला निघाला. टेप खिशात टाकत ते म्हणाले, "आमीय हातानच करतव." आणि तंबाखू मळत माडाच्या सावलीत जाऊन बसले.

त्यात टोमणा नव्हता. असता तर मी विसरले असते.

कुडाळच्या आमच्या घराला नाव आजीचं. त्यामुळे आईनं जन्मभर सासूच्या नावाखालून ये-जा केली. हे ती पाहुण्यांना हसत हसत ऐकवते, आणि ते हसू कितपत खरं हे आम्ही कुणी कधी तपासलेलं नाही. नावाची पाटी पत्र्याची होती आणि ती आमचे वडील, अण्णा, रंगवायचे. दर वर्षी गणपतीच्या आधी, नारळी पौर्णिमा झाली की, पाटी उतरवून ओट्यावर आणायची, पॉलिशपेपर मारायचा, पांढरा हात द्यायचा आणि तो सुकला की निळ्या ऑइलपेंटनं नाव. अण्णा बँकेत होते, पेंटर नव्हेत. अक्षरं ते एकेक करून, जीभ दातांत धरून काढायचे आणि शिरोरेषा शेवटी, एका दमात. ती रेघ चालू असताना घरात कुणी बोलायचं नाही. एका वर्षी हवा कुंद होती, रंग सुकेना, चतुर्थी दोन दिवसांवर आलेली. त्यांनी पाटी तशीच ओली लावली आणि ‘ला’च्या काठीखाली एक ओघळ आला, तांदळाच्या दाण्याएवढा. पुढच्या वर्षी पुसू, असं ठरलं. पुढच्या वर्षी अण्णा नव्हते. नंतर दोन पावसाळ्यांत पत्र्याला गंजानं खाल्लं. मी पुण्याहून आले की ती पाटी पाहायची आणि फाटक लोटून पटकन आत जायची.

पाटी टाकायची नव्हती आणि ठेवण्याजोगीही राहिली नव्हती. अशा वेळी माणूस खर्चिक कल्पना काढतो. पणजीत मळा, फोंताइन्हास या वस्त्यांच्या बोळांतून हिंडताना घराघरांवर त्या निळ्या-पांढऱ्या नावाच्या फरश्या दिसतात. मला वाटायचं, पोर्तुगीज गेले आणि या मागे राहिल्या. तसं नाही. बहुतेक पाट्या अलीकडच्या, गेल्या पंचवीस-तीस वर्षांतल्या. गोवेकरांनी ही कला लिस्बनहून शिकून येऊन इथे नव्यानं लावली, तेव्हा कुठे त्या गल्ल्या आपल्याला ‘जुन्या’ दिसू लागल्या. मी पाटीचा फोटो घेऊन अशाच एका कारखान्यात गेले. कारखाना म्हणजे पुढे दुकान आणि मागे दोन खोल्या. म्हटलं, हेच अक्षर हवं, कम्प्युटरचा फॉन्ट नको.

तिथे जे पाहिलं त्यातलं निम्मं मला ओळखीचं वाटलं, हीच गंमत. एकदा भट्टीतून निघालेली कोरी, मातकट फरशी असते. तिला ते ‘बिस्किट’ म्हणतात आणि ती खरंच बिस्किटासारखी पाण्याला हपापलेली असते. तिच्यावर दुधासारखा पातळ लेप ओततात. त्यात काच होणारी पूड असते आणि पांढरेपणासाठी कथलाचं भस्म. आपल्याकडे ज्या कथलानं भांड्यांना कल्हई होते, तेच कथील. लेप मिनिटाभरात सुकतो आणि वर शाळेतल्या खडूसारखी भुरभुरीत साय धरते. बोट लागलं की गेलं. मग माझ्या पाटीचा कागद आला. अक्षरांच्या कडेकडेनं सुईनं टोचलेला, अगदी आपल्या रांगोळीच्या छापाचा कागद असतो तसा. फडक्याच्या पुरचुंडीत कोळशाची पूड भरलेली. ती कागदावर टपटप आपटली, कागद उचलला आणि तीन फरश्यांवर राखाडी ठिपक्यांत अण्णांचं अक्षर उमटलं. हे ठिपके भट्टीत जळून जातात, मागे काही उरत नाही, असं रंगवणाऱ्या मुलीनं सांगितलं. ती पंचविशीची असेल, बोलणं कोकणी, देवनागरी शाळेतल्या हिंदीपुरती. तिनं वाटीत कोबाल्टची पूड पाण्यात कालवली. निळी म्हणतात ती निळाई तिथे कुठेच नव्हती. ओल्या राखेचा असतो तसला काळपट, उदास रंग. कुंचला टेकला की फरशी तो शोषून घेते, सारवलेली जमीन पहिल्या पावसाचा थेंब ओढून घेते तशी. थांबलं की डाग. पुन्हा फिरवलं की तिथे गडद पट्टा. खोडायचं तर सगळा लेप खरवडून नव्यानं ओतायचा. म्हणून हात निघाला की शेवटाला जाऊनच थांबतो.

तिनं शिरोरेषा आधी काढली. मला दचकायला झालं. अक्षराला छप्पर आधी आणि भिंती मग. पण ती लिहीत नव्हती, चित्र काढत होती, आणि चित्रात सगळ्यात लांब आडवी रेघ आधी येणं सरळच आहे. तीन फरश्या एकमेकींना चिकटवून ठेवलेल्या, रेघ तिन्हींवरून एका दमात गेली. मी श्वास धरलेला, हे तिला कळलं असावं, कारण रेघ संपल्यावर ती हसली.

मलाही एक कोरी फरशी मिळाली, हौस म्हणून. मी बांगडा काढायला घेतला. पाठीचा बाक साधला, मग खवल्यांची नक्षी आठवेना म्हणून कुंचला टेकवून अर्धं मिनिट विचार करत राहिले. तेवढ्यात त्याच्या पोटावर रुपयाएवढा डाग पसरला. "असूं दी," ती म्हणाली, "गाबोळी म्हूण सांगात." अंडी भरलेला बांगडा म्हणून खपवा. वेलीचं विचारलं तेव्हा मी अबोली सांगितली, कारण आजीच्या अंबाड्यात अबोलीच असायची. ज्या फुलावरून मराठीत एका रंगाला नाव पडलं ते फूल आपण निळं रंगवून घेतोय, हे माझ्या लक्षात घरी येईपर्यंत आलं नाही.

भट्टी लागायला, तापायला आणि मुख्य म्हणजे निवायला दिवस लागतात. हजार अंशांच्या आसपास गेलेली गोष्ट घाईनं उघडली तर तडकते. दहा दिवसांनी पुन्हा गेले, तर ‘दुपारनंतर या’ म्हणाले. दोन तास काढायचे म्हणून आझाद मैदानाच्या कडेला मिनेझिस ब्रागांझा संस्थेच्या प्रवेशदालनात जाऊन बसले. तिथल्या भिंतींवर झोर्झे कोलासो या चित्रकाराची १९३५ सालची फरश्यांची चित्रं आहेत. हा माणूस जन्मानं मोरोक्कोतल्या टँजिअरचा, आणि पोर्तो शहरातल्या साओ बेंतो स्टेशनाच्या भिंतींवरच्या सुमारे २०,००० फरश्याही त्याच्याच. पणजीत त्यानं पोर्तुगीज कवी कामोइंशच्या ‘उश लुझियादश’ या महाकाव्यातले प्रसंग रंगवले, वास्को द गामाची सफर वगैरे. महाकाव्य त्यांचं. त्यात आपण पलीकडच्या किनाऱ्यावरचे. पूर्वी कधीतरी आले होते तेव्हा याच कारणानं नाक मुरडून बाहेर पडले होते. या वेळी चित्रांकडे पाहवतच नव्हतं, नजर सारखी सांध्यांकडे. रेघ या फरशीतून निघून त्या फरशीत शिरताना किती चुकते? कुठे केसभर, कुठे त्याहून जास्त. शिडाचा दोर, बाहीची चुणी, एखाद्याचा गाल, सगळ्यांतून ती चौकट आरपार गेलेली. दहा पावलं मागे गेलं की सगळं जुळतं. पुढे आलं की मोडतं. शेजारीच पोलिसांचं मुख्यालय आहे, म्हणून आठवलं. पोर्तुगालमध्ये जुन्या फरश्यांच्या चोऱ्या इतक्या वाढल्या की २००७ मध्ये त्या वाचवण्याचा प्रकल्प सुरू केला तो पोलिसांच्याच संग्रहालयानं. भिंतीवरून चित्राचा एखादा तुकडा उचकटायचा आणि जुन्या बाजारात सुटा विकायचा. घेणारा बिचारा कुणाच्या तरी अर्ध्या कोपराला फ्रेम करून दिवाणखान्यात लावणार.

या फरशीला पोर्तुगीज ‘अझुलेजो’ म्हणतात आणि ‘अझुल’ म्हणजे निळा, म्हणून नाव त्यावरून पडलं असं कुणालाही वाटतं. पण तो शब्द अरबीतला आहे, ‘अल्-झुलैज’, घोटून गुळगुळीत केलेला लहानसा दगड. पंधराव्या शतकाच्या शेवटी पोर्तुगालचा राजा मानुएल सेव्हिलला गेला, तिथले अरबी वळणाचे महाल पाहून आला आणि सिंत्राच्या आपल्या वाड्यात तसल्या फरश्या मागवून घेतल्या. तेव्हा त्यांचा रंग निळा-पांढरा नव्हताच. हिरवा, मधाळ पिवळा, जांभळट काळा. रंग भट्टीत वितळून एकमेकांत मिसळू नयेत म्हणून मधे तेलकट काळी रेघ घालायचे, शेताला बांध घालतात तशी. कथलाच्या पांढऱ्यावर थेट कुंचल्यानं चित्र काढायची युक्ती इटलीहून आली. निळं-पांढरं तर फार उशिरा. त्याची वाट मला फार आवडते. इराणी कोबाल्ट चौदाव्या शतकात चीनला गेलं, तिथे चिनी मातीवर चढलं. ती भांडी जहाजांतून हॉलंडला पोचली, तेव्हा डेल्फ्टच्या कुंभारांनी त्यांची नक्कल केली. डचांच्या त्या नकलेवर लिस्बनचे श्रीमंत भाळले आणि सतराव्या शतकापासून पोर्तुगालच्या भिंती निळ्या झाल्या. म्हणजे जो निळा आज पणजीत ‘टिपिकल पोर्तुगीज’ म्हणून फोटोत जातो, तो आशियातून निघून, सगळीकडून उष्टा होत होत, परत अरबी समुद्राला येऊन लागलेला.

आणि इराणातून तो सरळ आपल्याकडेही आला होता, लिस्बनचा वळसा न घेता. मी चौथीत असताना अण्णांची बदली उदगीरला होती. एका रविवारी त्यांनी आम्हाला एसटीनं बीदरला नेलं. महमूद गवानचा मदरसा पाहायला. गवान इराणातल्या गिलानचा, बहमनींचा वजीर. मदरसा १४७२ सालचा. पुढे औरंगजेबाच्या काळात, १६९६ मध्ये, आत साठवलेल्या तोफांच्या दारूचा भडका उडाला आणि दर्शनी भागाचा एक मिनार आणि बरीचशी इमारत गेली. उरलेल्या मिनारावर नागमोडी पट्टे आहेत, निळ्या-हिरव्या-पांढऱ्या तुकड्यांचे, अधूनमधून खवले गळालेले. तिथे कुणीतरी मोठ्यानं सांगत होतं, हे काशीकाम आहे. मी कित्येक वर्षं समजत होते की ते बनारसच्या लोकांनी केलंय. ती काशी म्हणजे इराणातलं काशान, फरश्यांसाठी नावाजलेलं, हे कॉलेजात कळलं. आणि हे तर त्याहून पुढे, की बीदरच्या त्या कामातलं पुष्कळसं रंगवलेलं नाही. प्रत्येक रंगाची फरशी वेगळी भाजायची, मग कोरून, ठोकून, घासून पाकळी वेगळी, देठ वेगळा, अक्षराची वेलांटी वेगळी काढायची आणि कोडं जुळवावं तशी चुन्यात बसवायची. त्यात सांधा लपवत नाहीत, सांधा हीच रेघ. अण्णा मान मागे टाकून बराच वेळ वरच्या अरबी अक्षरांच्या पट्ट्याकडे पाहत उभे होते. त्यांना त्यातलं एक अक्षर वाचता येत नव्हतं. आई म्हणाली, चला, ऊन लागेल. ते म्हणाले, "लिहिणाऱ्यानं लिहिलं असेल एक वेळ, पण हे लावलं कुणी?"

तेव्हा ते वाक्य कानावरून गेलं.

दुपारनंतर फरश्या मिळाल्या. राखेचा तो उदास रंग भट्टीतून असा निघाला होता की हात लावायला धीर होईना. काचेच्या आत, खोल, पाऊस पडून गेलेल्या संध्याकाळच्या आभाळासारखा निळा. प्रत्येक फरशीच्या पाठीवर क्रमांक होता, कुठली कुठे लावायची त्याचा. पुढचं अक्षर हुबेहूब अण्णांचं, ‘त्स’चा किंचित डावा कल धरून. आणि ‘ला’च्या काठीखाली तांदळाच्या दाण्याएवढा ओघळ, काळजीपूर्वक, निमुळत्या टोकासकट कोबाल्टमध्ये रंगवलेला. तिला ती नक्षी वाटली होती. मी तिला काही बोलले नाही. गाडीत कुडाळ येईस्तोवर मांडीवर ती एकच फरशी घेऊन बसले होते. रडू येईल असं वाटत होतं आणि येत होतं ते हसू.

आईनं पाहिल्याबरोबर पदराचं टोक घेऊन तो ओघळ पुसायला सुरुवात केली. पुसेना म्हटल्यावर चष्मा लावला. मग चष्मा काढून म्हणाली, "पैसे देऊन केलंस हे?"

आता सांगायला हवं की मेस्त्रींच्या आधी ही ‘सेकंड’ची भीती माझ्या मनात आलेलीच होती. पुण्यातल्या स्वयंपाकघराच्या फरश्या बदलल्या तेव्हा शोरूमवाल्यानं मला गुजरातेतल्या मोरबीहून आलेली एक मालिका दाखवली होती. "मॅडम, हँडमेड लुक." पृष्ठभाग लहरता, कडांशी रंग विरलेला, मधेच एखादी कुंचल्याची रेघ जाड झालेली. सगळं मशीनवर छापलेलं. सहा वेगवेगळे नमुने छापतात, म्हणजे तीच चूक शेजारी शेजारी येऊन पकडली जात नाही. मात्र कडा रेक्टिफाइड, काटकोनात कापलेल्या, म्हणजे बसवताना त्रास नको. मी त्याच घेतल्या. छान दिसतात, खोटं कशाला बोलू. पण ती खोटी खोट पाहून डोळा इतका सरावला होता की खरी खोट हातात आल्यावर मलाच शंका आली. उचललेला कोपरा मला घरी आल्या दिवशीच दिसला होता. शिरोरेषा दुसऱ्या आणि तिसऱ्या लादीच्या मधे पायरी घेते, हेही दिसलं होतं. रंगवताना एकसंध असलेली रेघ भट्टीत प्रत्येक फरशी आपापल्या मर्जीनं आवळल्यावर तशीच राहणार नाही, एवढं कळत होतं. तरी ‘हातानं’ असं मी मेस्त्रींना ठणकावून सांगितलं, ते त्यांना कमी आणि मला जास्त.

मेस्त्री माडाखालून उठले ते दोऱ्याचं रीळ घेऊन. लाद्यांमधे सारखी फट राहावी म्हणून घालतात त्या स्पेसरचं पाकीट त्यांनी बाजूला सारलं. खांबावर दोन खिळे ठोकले, दोरा ताणून बांधला, लेव्हल लावून पाहिली, एक खिळा नखभर वर घेतला. मग मला जवळ बोलावलं आणि म्हणाले, "बाय, काय सरळ व्हया? लादी काय नाव? दोनय सरळ होवची नाय."

मला प्रश्न कळायलाच क्षण लागला. लाद्यांच्या कडा ओळीत लावल्या तर शिरोरेषेला पायरी राहणार. शिरोरेषा ओळीत आणली तर कडा वरखाली होणार, आणि येणारा-जाणारा म्हणणार, मेस्त्रीला काम येत नाही. त्यांच्या धंद्यात कड म्हणजे अब्रू. मी म्हटलं, नाव. ते काही बोलले नाहीत, मान हलवली. दोरा त्यांनी लादीच्या कडेवरून काढून दोन बोटं खाली, शिरोरेषेच्या उंचीवर आणला. खांबाला पाणी मारलं. पहिली लादी लावली, रापटीच्या दांड्यानं ठोकली, डोळा बारीक करून दोऱ्यामागची रेघ पाहिली. दुसरी लावली. ती खाली बसली होती. काढली, पाठीवर आणखी माल दिला, पुन्हा लावली. तिसरीला फार वेळ लागला. तिला ते अंगठ्यानं अगदी हळू फिरवत होते, रेडिओवर स्टेशन पकडावं तसे. ऊन डोक्यावर आलं होतं, घाम भुवईवरून लादीवर पडत होता, आणि मी नकळत श्वास धरून उभी होते. रेघ जुळली. ‘व’पासून ‘ला’पर्यंत सरळ, एका दमात काढल्यासारखी. वरच्या कडा मात्र वेड्यावाकड्या, दाढ उगवताना हिरडी दिसते तशा. त्या त्यांनी पांढऱ्या सिमेंटची जाड पट्टी घेऊन लपवल्या, पण पूर्ण नाही. लपवून लपणारं नव्हतं. ओघळावर आलं तेव्हा त्यांनी ओलं फडकं घेऊन तो दोनदा पुसला. गेला नाही. मी गप्प. आई व्हरांड्यातून म्हणाली, "ऱ्हांव दे तो. तो त्यांचोच हा."

मेस्त्रींनी ‘त्यांचो’ म्हणजे कुणाचा हे विचारलं नाही.

काम आटपल्यावर हात धुऊन ते ओट्यावर टेकले. आईनं चहाचं टोप बाहेर आणलं आणि नेहमीप्रमाणे माझ्या बांगड्यावर ठेवलं. गरम भांड्याखाली त्याहून चांगली बैठक घरात नाही, हे तिचं मत आल्या दिवसापासून पक्कं आहे. कप भरून झाल्यावर मेस्त्रींनी टोप उचलून बाजूला ठेवलं आणि ती फरशी हातात घेतली. पोटावरचा डाग पाहिला. उलटी करून पाठ पाहिली. कड डोळ्यासमोर आडवी धरली, टिचकी मारली, कान देऊन आवाज ऐकला.

"ही मात्र सेकंड हा हां," ते म्हणाले.